बाकावरचा अकरा नंबर

नॅशनल हॉकी लीग म्हणजे एनएचएलच्या आकडेवारीत, न्यूयॉर्क रेंजर्स संघाच्या 1947-48 च्या हंगामात एक ओळ आहे. खेळाडू लॅरी क्वाँग. सामने 1. गोल 0, गोलसाठी दिलेले पास 0, शिक्षेची मिनिटं 0. त्याच्या आधीच्या हंगामात हे नाव सापडत नाही आणि नंतरच्याही कुठल्या हंगामात नाही. आकडे चाळणाऱ्याची नजर अशा ओळीवर ठरत नाही. एक सामना खेळून नाहीसे झालेले खेळाडू प्रत्येक खेळात असतात.

हा मात्र नाहीसा झालेला खेळाडू नव्हता. तो जवळजवळ दोन दशकं हॉकीवर पोट भरत राहिला. कॅनडाच्या पश्चिमेकडच्या खाणवाल्या गावांपासून न्यूयॉर्कपर्यंत, क्वेबेकपासून इंग्लंड आणि स्वित्झर्लंडपर्यंत खेळला, जिथे गेला तिथे गोल केले आणि एका वर्षी तर आपल्या लीगमधला सर्वोत्तम खेळाडू ठरला. जगातल्या सर्वांत मोठ्या हॉकी लीगमध्ये उतरलेला तो पहिला चिनी वंशाचा माणूस. आणि त्या लीगमध्ये तो खेळला तो काळ जेमतेम एका मिनिटाचा.

एक मिनिट म्हणजे किती, हे समजायला या खेळाची रीत थोडी ठाऊक हवी. हॉकी म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर गवताचं मैदान आणि ध्यानचंद येतात. कॅनडात नुसतं हॉकी म्हटलं की ते बर्फावरचंच. साधारण 200 फूट लांब आणि 85 फूट रुंद बर्फाचा चौक, त्याला रिंक म्हणतात. कडेने कठडा. गोलरक्षक धरून एका वेळी सहा खेळाडू, पायात स्केट्स, हातात काठी. चेंडूऐवजी कडक रबराची चकती, एक इंच जाड आणि तीन इंच व्यासाची. तिला पक म्हणतात. वीस-वीस मिनिटांची तीन सत्रं. बर्फावर पूर्ण वेगाने घसरत, धडका देत आणि खात खेळताना माणूस मिनिटभरात धापा टाकू लागतो, म्हणून खेळाडू सतत बदलत राहतात, तेही खेळ न थांबवता. दमलेला कठड्यावरून आत येतो, ताजा कठड्यावरून बाहेर उडी घेतो. या एका फेरीला शिफ्ट म्हणतात. नेहमीच्या खेळाडूच्या वाट्याला एका सामन्यात वीसेक शिफ्ट सहज येतात.

लॅरीला एक मिळाली.

ती संध्याकाळ 13 मार्च 1948 ची, शनिवारची. जागा माँट्रियालचं फोरम, म्हणजे हॉकीवेड्यांचं देऊळच. समोर माँट्रियाल कॅनेडियन्स, त्यांच्याकडे मॉरिस रिशार, त्या काळातला सगळ्यांत धास्ती घालणारा गोल करणारा. तेव्हा लीगमध्ये संघ फक्त सहा होते आणि त्यातल्या पहिल्या चारांना बाद फेरीत जागा मिळे. चौथ्या जागेसाठी चुरस होती ती नेमकी रेंजर्स आणि कॅनेडियन्स यांच्यातच. दुसऱ्या फळीच्या संघातून नुकताच वर बोलावलेला चोवीस वर्षांचा लॅरी अकरा नंबरचा स्वेटर घालून बाकावर बसला. पहिलं सत्र संपलं. दुसरं संपलं. तिसरंही संपत आलं. तेव्हा कुठे प्रशिक्षक फ्रँक बाउचर यांनी त्याला बर्फावर पाठवलं. मिनिटभराने तो परत बाकावर आला. रेंजर्स सामना 3-2 असा हरले.

एवढ्या वेळात खेळाडूचे पाय नीट गरमही होत नाहीत. दोन तास थंड बाकावर बसलेल्या माणसाकडून पुढच्या साठ सेकंदांत काय अपेक्षा ठेवायची? म्हातारपणी वार्ताहरांशी बोलताना क्वाँग यांचंही म्हणणं हेच असे, की एका मिनिटात आपण काय करू शकतो हे दाखवायला वावच नव्हता. बाउचर यांच्या बाजूने बोलायचं तर सामना अटीतटीचा होता आणि अशा वेळी कोणताही प्रशिक्षक जुन्याजाणत्या खेळाडूंवर विसंबतो. त्यामुळे त्या एका संध्याकाळचा दोष कुणाच्या माथी मारणं कठीण आहे. खटकतं ते पुढचं. त्यानंतर त्याला पुन्हा बोलावणं आलंच नाही.

या मिनिटाला पंचवीस वर्षांची पूर्वपीठिका आहे. ती सुरू होते ब्रिटिश कोलंबियातल्या व्हर्नन या गावी. लॅरीचे वडील एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चीनमधून तिथे आले ते सोन्याच्या शोधात. सोन्याने साथ दिली नाही, तेव्हा त्यांनी किराणा आणि भाजीपाल्याचं दुकान टाकलं. दुकानाचं नाव क्वाँग हिंग लुंग, भरभराट व्हावी अशा अर्थाचं. कुटुंबाचं आडनाव खरं तर एंग. पण गिऱ्हाइकांनी दुकानाच्या पाटीवरचा पहिला शब्द उचलला आणि तोच घरादाराला चिकटला. लॅरीचं जन्मनाव एंग काई जिओंग. पंधरा भावंडांत तो शेंडेफळाच्या आधीचा.

त्याचा जन्म 17 जून 1923 चा. पुढे दोनच आठवड्यांनी, 1 जुलैला, कॅनडात नवा कायदा लागू झाला आणि चिनी लोकांना देशात येण्याची दारं जवळजवळ बंद झाली. त्याआधीही ती उघडी होती असं म्हणवत नाही. 1885 पासून प्रत्येक चिनी माणसाकडून डोईपट्टी घेतली जात होती, आधी 50 डॉलर, मग 100 आणि 1903 पासून 500. मजुराची दीडदोन वर्षांची कमाई तिच्यात जाई. तीही पुरेशी वाटेना, म्हणून 1923 चा कायदा आला. पुढच्या चोवीस वर्षांत या कायद्याखाली पन्नासाहूनही कमी चिनी माणसं कॅनडात येऊ शकली. देशात आधीपासून असलेल्या प्रत्येक चिनी माणसाने सरकारदरबारी नोंद करायची होती, मग तो कॅनडातच जन्मलेला का असेना. 1 जुलै हा कॅनडाचा राष्ट्रीय सण. चिनी वस्त्यांमध्ये त्याच दिवसाला मानहानीचा दिवस म्हणू लागले.

लॅरी पाच वर्षांचा असताना वडील गेले. दुकान आई आणि मोठ्या भावांनी चालवलं. व्हर्ननमध्ये हिवाळा कडक, त्यामुळे रिंकसाठी पैसे मोजायची गरज नव्हती. दुकानाशेजारच्या मोकळ्या जागेत भाऊ बादल्यांनी पाणी ओतत, रात्रीत त्याचा बर्फ होई, सकाळी पोरं त्यावर हजर. आईने पहिले स्केट्स घेऊन दिले ते मुद्दाम मोठ्या मापाचे, वाढत्या पायांना काही वर्षं पुरावेत म्हणून. दिवाळीचे कपडे वाढत्या अंगाने शिवून घेणाऱ्या कुठल्याही घराला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. शनिवारी रात्री सगळी भावंडं रेडिओभोवती गोळा होत. फॉस्टर ह्युइट या समालोचकाच्या आवाजात टोरांटोचे सामने ऐकत ऐकत त्या पोराने ठरवून टाकलं, की आपणही तिथे खेळायचं. आईला त्याने शब्द दिला, की हॉकीत नाव काढीन आणि तुला घर बांधून देईन.

गावच्या व्हर्नन हायड्रोफोन्स या संघातून खेळताना त्याने 1939 आणि 1941 मध्ये वयोगटातली प्रांतिक अजिंक्यपदं जिंकली. अंगाने तो लहानखुरा, उंची साडेपाच फुटांच्या आसपास. पण स्केट्सवर चपळ, आणि पक काठीला चिकटल्यासारखा त्याच्यासोबत फिरे. बर्फावर टाळ्या मिळत, रस्त्यावर मात्र दुसराच अनुभव येई. गावच्या न्हाव्याने या मुलाचे केस कापायला नकार दिला होता, तो केवळ चिनी म्हणून. जिंकून आणलेल्या करंडकाचा तिथे काही उपयोग नव्हता.

अठराव्या वर्षी त्याला ट्रेल स्मोक ईटर्स या संघाने घेतलं. धूर खाणारे, असं विचित्र नाव पडायला कारण होतं गावातला शिसं आणि जस्त गाळणारा प्रचंड कारखाना. हा साधासुधा संघ नव्हता, 1939 मध्ये त्याने कॅनडातर्फे खेळून जागतिक अजिंक्यपद मिळवलं होतं. तरुण खेळाडू ट्रेलला धाव घेत त्यात हॉकीइतकाच कारखान्याचा वाटा असे. संघात निवड झाली की कारखान्यात चांगल्या पगाराची नोकरी, असा रिवाजच होता. लॅरीच्या सहकाऱ्यांना नोकऱ्या मिळाल्या. लॅरीला कारखान्याने घेतलं नाही, कारण तिथे चिनी माणसं कामावर ठेवत नसत. तो गावातल्या हॉटेलात पाहुण्यांच्या पेट्या उचलू लागला. संध्याकाळी ज्यांच्या टाळ्या घ्यायच्या, त्यांतल्याच कुणाचं सामान दिवसा जिन्याने वर न्यायचं. वयाच्या अठराव्या वर्षी हे सोसून जो दुसऱ्या दिवशी सरावाला वेळेवर जातो, त्याच्या जिद्दीला वेगळ्या दाखल्याची गरज नाही.

याच सुमारास शिकागो ब्लॅक हॉक्स या एनएचएलच्या संघाने त्याला चाचणीसाठी बोलावलं. त्यासाठी सरहद्द ओलांडून अमेरिकेत जावं लागणार होतं. कॅनडाच्या सरकारने लागणारी कागदपत्रं दिली नाहीत. चाचणी हुकली. दोन वर्षांनी, 1944 मध्ये, त्याच सरकारने त्याला सैन्यात भरती होण्याचा हुकूम धाडला. लष्करी गणवेश चढवला तेव्हा या तरुणाला आपल्या जन्मदेशात मताचा अधिकारही नव्हता. ब्रिटिश कोलंबियाने चिनी रहिवाशांचा मतदानाचा हक्क एकोणिसाव्या शतकातच काढून घेतला होता, पुढे भारतीयांचाही काढला. पंजाबातून लाकडाच्या गिरण्यांत आणि शेतांवर कामाला आलेली शीख कुटुंबं या बाबतीत चिन्यांच्याच रांगेत उभी होती. दोघांनाही प्रांतात मत मिळालं ते एकदमच, 1947 मध्ये.

सैन्यात त्याला आघाडीवर न पाठवता जवानांच्या करमणुकीसाठी खेळणाऱ्या संघात घेतलं गेलं. आल्बर्टातल्या रेड डिअर इथल्या या संघाकडून खेळताना तालीम सुटली नाही. युद्ध संपल्यावर तो पुन्हा ट्रेलला गेला, 1946 मध्ये संघाने ब्रिटिश कोलंबियाचं अजिंक्यपद मिळवलं आणि तिथेच तो लेस्टर पॅट्रिक यांच्या नजरेत भरला. पॅट्रिक म्हणजे न्यूयॉर्क रेंजर्सची उभारणी करणारे गृहस्थ. त्यांनी लॅरीला करारबद्ध केलं आणि न्यूयॉर्क रोव्हर्स या रेंजर्सच्या पोटातल्या संघात पाठवलं.

रोव्हर्सचे सामने मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये रविवारी दुपारी होत. मुख्य संघाचंच घर, तोच बर्फ, वर जाण्याची शिडी डोळ्यांसमोर. न्यूयॉर्कच्या चायनाटाउनला तर हर्ष झाला. तिथले शेव्ही ली यांना लोक प्रेमाने चायनाटाउनचे महापौर म्हणत. त्यांनी गार्डनमध्ये येऊन लॅरीला चायनाटाउनची किल्ली भेट दिली. ज्यांनी उभ्या जन्मात हॉकी पाहिली नव्हती अशी माणसं तिकिटं काढून येऊ लागली. वर्तमानपत्रांनी नावं ठेवली. किंग काँग चित्रपटावरून किंग क्वाँग, आणि पॅसिफिक महासागर ओलांडणाऱ्या गाजलेल्या विमानावरून चायना क्लिपर. या नावांत कौतुक होतं आणि तू वेगळा आहेस ही आठवणही होती. प्रतिस्पर्धी तर आठवण करून देताना कौतुकाच्या भानगडीत पडत नसत. ते वंशावरून शिव्या देत, आणि बर्फावर धडक मारायला निमित्त लागत नाहीच.

1947-48 च्या हंगामात लॅरीने 65 सामन्यांत 86 गुण मिळवले. हॉकीत गोल केल्याचा एक गुण आणि गोलसाठी पास दिल्याचाही एक गुण खेळाडूच्या खात्यात पडतो. रोव्हर्समध्ये त्याच्यापेक्षा जास्त गुण कुणाचेच नव्हते. त्याच्या डोळ्यांदेखत त्याच्याहून कमी गुणांचे सहकारी वर गेले. त्याची पाळी आली ती मार्चमध्ये, हंगाम संपायला आला तेव्हा.

त्याच्याच इमारतीत, त्याच हंगामात घडलेली एक गोष्ट इथे सांगायला हवी. युटाचा वॅट मिसाका हा जपानी वंशाचा अमेरिकन खेळाडू न्यूयॉर्क निक्सकडून बास्केटबॉल खेळायला आला. निक्सचं घरही मॅडिसन स्क्वेअर गार्डनच. मिसाकाला 1947 च्या नोव्हेंबरात तीन सामने खेळवून मोकळं करण्यात आलं. त्याच वर्षी एप्रिलमध्ये ब्रुकलिन डॉजर्सकडून जॅकी रॉबिन्सन बेसबॉलच्या मैदानात उतरला होता आणि मोठ्या लीगमधली रंगभेदाची भिंत कोसळली होती. रॉबिन्सनची गोष्ट आज सगळ्या जगाला ठाऊक आहे. फरक एवढाच की त्याच्या पाठीशी ब्रांच रिकी हे व्यवस्थापक ठाम उभे होते आणि त्यांनी त्याला रोज खेळवलं. मिसाका आणि क्वाँग यांच्या वाट्याला असा माणूस आला नाही. दार किलकिलं झालं, आत पाऊल पडलं आणि पुढे कुणी हाक मारली नाही.

हंगाम संपल्यावर लॅरीने जे केलं ते मला त्याच्या कारकिर्दीतलं सर्वांत विचार करण्याजोगं पाऊल वाटतं. त्याने रेंजर्स सोडले. सहा संघांच्या त्या काळात सगळ्या एनएचएलमध्ये मिळून शंभर-सव्वाशे खेळाडूंनाच जागा असे, आणि बाहेर चांगले खेळाडू ढीगभर. त्यामुळे कॅनडातल्या सीनियर लीग तगड्या होत्या, आणि तिथले काही संघ पगारही चांगला देत. क्वेबेकमधल्या व्हॅलीफील्ड ब्रेव्ह्ज या संघाने त्याला रेंजर्सच्या संघटनेपेक्षा जास्त पैसे देऊ केले. मोठ्या नावाच्या आशेवर बाकावर कुजायचं, की जिथे रोज खेळायला मिळेल आणि घरी चार पैसे जातील तिथे जायचं? त्याने दुसरा रस्ता धरला. हॉकीच्या कमाईतून त्याने व्हर्ननमध्ये आईसाठी घर उभं केलं.

व्हॅलीफील्ड हे फ्रेंच बोलणारं कारखान्यांचं गाव. तिथे लॅरीचा प्रशिक्षक झाला टो ब्लेक. हा योगायोग पाहण्यासारखा आहे. ब्लेक माँट्रियाल कॅनेडियन्सचा कप्तान होता. जानेवारी 1948 मध्ये रेंजर्सविरुद्धच्याच सामन्यात त्याचा पाय मोडला आणि एनएचएलमधलं खेळणं संपलं. म्हणजे लॅरी मार्चमध्ये फोरमवर उतरला तेव्हा समोरच्या संघात ब्लेकची जागा रिकामी होती. पुढच्याच वर्षी हे दोघं एका संघात आले. ब्लेकने नंतर माँट्रियालला प्रशिक्षक म्हणून आठ वेळा स्टॅनली कप, म्हणजे एनएचएलचं विजेतेपद, जिंकून दिला, हॉकीच्या इतिहासातल्या अव्वल प्रशिक्षकांत त्याची गणना होते. अशा पारखी माणसाने लॅरीला आपल्या आक्रमणाचा कणा केलं.

1950-51 च्या हंगामात लॅरीने 34 गोल केले आणि 51 गोलसाठी पास दिले. लीगमधला सर्वांत मोलाचा खेळाडू म्हणून त्याला करंडक मिळाला. त्याच वर्षी व्हॅलीफील्डने अलेक्झांडर कप जिंकला, म्हणजे कॅनडातल्या वरच्या दर्जाच्या सीनियर हॉकीचं विजेतेपद. ही लीग दुय्यम होती असं समजू नये. झाँ बेलिव्हो आणि गोलरक्षक झाक प्लांट हे दोघे पुढे एनएचएलचे महानायक झाले, ते याच क्वेबेकच्या लीगमधून. लॅरी त्यांच्याविरुद्ध खेळला. बेलिव्होने पुढे त्याच्या खेळाची मनापासून तारीफ केली. हर्ब कार्नेगी हा कृष्णवर्णीय खेळाडूही याच लीगमध्ये होता. त्याला एनएचएलने एकही सामना खेळू दिला नाही, आणि हॉकीच्या हॉल ऑफ फेममध्ये घेतलं ते 2022 मध्ये, मृत्यूनंतर दहा वर्षांनी. क्वेबेकच्या त्या छोट्या गावांतल्या प्रेक्षकांनी पन्नाशीच्या दशकात जी हॉकी पाहिली, तिच्यातली काही माणसं न्यूयॉर्क आणि शिकागोने पाहायला हवी होती.

सीनियर लीगची उतरती कळा लागली तसा लॅरी एका संघातून दुसऱ्यात गेला, आणि 1957 मध्ये अटलांटिक ओलांडून इंग्लंडच्या नॉटिंगहॅम पँथर्सकडे. वय चौतीस. तिथे त्याने 55 सामन्यांत 55 गोल केले. पुढच्या वर्षी स्वित्झर्लंडमधल्या अंब्री-पिओत्ता या संघाने खेळाडू आणि प्रशिक्षक अशा दुहेरी कामासाठी बोलावलं. आल्प्सच्या दरीतली ही दोन चिमुकली खेडी, इटालियन बोलणारी आणि हॉकीवर जीव टाकणारी. वर्षभराचा बेत करून गेलेला लॅरी युरोपात पंधराएक वर्षं रमला. पुढे लोझानमध्ये त्याने हॉकी शिकवली, टेनिस शिकवलं, लग्न केलं, एक मुलगी झाली. ज्या माणसाला स्वतःच्या गावात केस कापून मिळाले नव्हते, तो परक्या मुलखात सर्वांसमोर मान घेऊन वावरला. त्या वर्षांबद्दल क्वाँग आनंदाने बोलत.

1972 मध्ये ते कॅनडात परतले आणि कॅलगरीत भावासोबत किराण्याचं मोठं दुकान चालवू लागले. वडिलांचाच धंदा, आता मोठ्या शहरात. दुकानात भाजी घ्यायला येणाऱ्या कितीकांना हा हसतमुख दुकानदार कोण हे माहीत नसावं. त्यांनीही कधी गाजावाजा केला नाही. म्हातारपणी रक्ताभिसरणाच्या आजाराने दोन्ही पाय गेले, कृत्रिम पाय लावून ते पुन्हा चालायला शिकले. स्केट्सवर आयुष्य काढलेल्या माणसावर यावं असं दुखणं नव्हे.

विस्मृतीतून त्यांना बाहेर काढलं एका शाळामास्तरांनी. व्हर्ननमध्येच शिकवणारे चॅड सून यांनी लहानपणी क्वाँग यांचं नाव आपल्या आजोबांकडून ऐकलं होतं. त्यांनी जुनी कात्रणं धुंडाळली, संस्थांना पत्रं लिहिली, अर्ज केले, नकार आले तरी पुन्हा केले. हळूहळू फळ आलं. 2013 मध्ये ब्रिटिश कोलंबियाच्या स्पोर्ट्स हॉल ऑफ फेमने क्वाँग यांना आद्य प्रवर्तक म्हणून गौरवलं. तेव्हा ते नव्वद वर्षांचे होते. त्यांच्यावर माहितीपट निघाला. सून यांनी जॉर्ज चियांग यांच्यासह लिहिलेलं चरित्र 2024 मध्ये आलं. त्याआधी, 2006 मध्ये, कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत डोईपट्टीबद्दल चिनी समाजाची माफी मागितली होती.

15 मार्च 2018 रोजी, वयाच्या 94 व्या वर्षी, क्वाँग कॅलगरीत वारले. फोरममधल्या त्या मिनिटाला सत्तर वर्षं पूर्ण होऊन दोनच दिवस झाले होते.

त्यांच्यानंतर या लीगची दारं उघडली ती फार सावकाश. 1953-54 मध्ये फ्रेड सॅसाकामूस हा कॅनडाच्या मूळ रहिवाशांपैकी एक तरुण शिकागोकडून अकरा सामने खेळला. 1958 च्या जानेवारीत विली ओ'री हा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू उतरला, बॉस्टनच्या स्वेटरमध्ये, आणि मैदान पुन्हा माँट्रियालचं फोरमच. भारतीय वंशाचा पहिला खेळाडू यायला 1989 उजाडावं लागलं. रॉबिन बावा, ब्रिटिश कोलंबियातल्या डंकन गावचा. तिथल्या ज्या पंजाबी वस्तीला चिन्यांच्या बरोबरीने मताधिकारासाठी 1947 पर्यंत थांबावं लागलं होतं, तिच्यातून आलेला हा मुलगा वॉशिंग्टन कॅपिटल्सकडून खेळायला उतरला आणि चार संघांकडून एकूण 61 सामने खेळला.

1998 मध्ये न्यूयॉर्क रेंजर्सने आपल्या पहिल्या निवडीत अठरा वर्षांच्या एका मुलाला घेतलं. मॅनी मल्होत्रा, वडील पंजाबी आणि आई फ्रेंच भाषक कॅनेडियन. तो पुढे एनएचएलमध्ये 991 सामने खेळला. पहिल्या हंगामात तो कोवळा होता, शिकाऊ होता, त्याच्याकडून चुका होत. तरी रेंजर्सने त्याला त्या एका हंगामात 73 सामन्यांत उतरवलं. कॅलगरीत लॅरी क्वाँग तेव्हा पंचाहत्तर वर्षांचे होते.